अकरा महिन्यांचा करार संपला. मालक खोलीला कुलूप लावू शकतो का?

गडहिंग्लज, चंदगड, शाहूवाडीहून शिकायला किंवा नोकरीला कोल्हापुरात आलेली आपली मुलेमुली राजारामपुरीत, शाहूपुरीत, विद्यापीठाच्या आसपास खोली घेतात, ती बहुधा अकरा महिन्यांच्या करारावर. मुदत संपली की काही मालकांचे वाक्य ठरलेले असते : "उद्यापर्यंत सामान हलवा, नाहीतर कुलूप लावतो." सामान हलवा असे मालक म्हणू शकतो. कुलूप लावू शकत नाही.

हा करार म्हणजे लिव्ह अँड लायसन्स. महाराष्ट्र भाडे नियंत्रण अधिनियम, १९९९ नुसार जुन्या भाडेकरूला जे संरक्षण आहे (घर सोडायला लावण्यासाठी कलम १६ मधले कारण कोर्टात सिद्ध करावे लागते), ते लायसन्सवर राहणाऱ्याला नाही. कलम २४ प्रमाणे मुदत संपताच जागा परत द्यायची. नाही दिली, तर ताबा जाईपर्यंत दुप्पट दराने भरपाई द्यावी लागते. चार हजारांची खोली असेल तर महिन्याला आठ हजार. "आम्ही हलणारच नाही" असा सल्ला देणाऱ्या कार्यकर्त्यांनी हा हिशेब आधी करावा.

पण ताबा घ्यायचा तो शासनाने नेमलेल्या सक्षम प्राधिकाऱ्याच्या आदेशानेच. मालकाने त्यांच्याकडे अर्ज करायचा, मग तुम्हाला समन्स येते. इथेच आपली मुले फसतात. समन्स मिळाल्यापासून ३० दिवसांत शपथपत्र देऊन बाजू मांडण्याची परवानगी मागावी लागते. ती मागितली नाही, तर मालकाचे म्हणणे तुम्हाला मान्य आहे असे धरून आदेश होतो. त्यावर अपील नाही, फक्त पुनरीक्षण अर्ज. पुढची दाद उच्च न्यायालयात. त्याचे सर्किट बेंच १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापुरातच बसते.

एक गैरसमज घट्ट बसला आहे : अकरा महिन्यांच्या कराराला नोंदणी लागत नाही. महाराष्ट्रात लागते. कलम ५५ प्रमाणे करार लेखी आणि नोंदणीकृत हवा, आणि ती जबाबदारी मालकाची आहे. नुसत्या नोटरीवर भागवले असेल आणि वाद झाला, तर मालक उलट सिद्ध करेपर्यंत अटींबाबत राहणाऱ्याचे म्हणणे धरले जाते. मुदतीआधीच जागा सोडायला सांगितले तर करारातले नोटीसचे कलम काढून वाचा.

पाणी किंवा लाइट तोडून घर सोडायला लावणे कलम २९ ने मना आहे. आदेश नसताना सामान बाहेर काढलेच, तर स्पेसिफिक रिलीफ अॅक्टच्या कलम ६ खाली सहा महिन्यांच्या आत दिवाणी दावा करून ताबा परत मागता येतो. फोटो, भाड्याच्या पावत्या, ऑनलाइन पैसे भरल्याची नोंद जपून ठेवा.

आणि जात? १९१७ साली बडोद्याच्या पारशी सरायीतून बाबासाहेबांना अकराव्या दिवशी बाहेर काढले ते जात कळल्यावरच. आज अनुसूचित जातीच्या व्यक्तीला राहत्या जागेतून बेकायदा काढणे हा अॅट्रॉसिटी कायद्याच्या कलम ३ खालचा गुन्हा आहे, काढणारा स्वतः अनुसूचित जाती-जमातीचा नसेल तर. १९९० च्या दुरुस्तीपासून बौद्धांनाही अनुसूचित जातीचा दर्जा आहे. मात्र मुदत संपल्यावर रीतसर अर्ज करणाऱ्या मालकावर हे कलम लावायला निघू नये, असे आमचे स्पष्ट मत आहे. त्याने खरी प्रकरणे कमकुवत होतात. आपल्यातही आता घरमालक आहेत, त्यांनाही हेच नियम लागू.

वकिलाची फी परवडत नसेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे अर्ज करा. अनुसूचित जातीच्या व्यक्तीला आणि कोणत्याही स्त्रीला तिथे उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो. जाताना करार आणि समन्सचा लिफाफा बरोबर न्या. ३० दिवस समन्स मिळाल्याच्या तारखेपासून मोजतात.