लग्नानंतर आधी हायकोर्ट

लखनौच्या लता सिंग या सज्ञान तरुणीने नोव्हेंबर २००० मध्ये दिल्लीच्या आर्य समाज मंदिरात परजातीतल्या तरुणाशी लग्न केले. भावाने ती हरवल्याची तक्रार दिली आणि पोलिसांनी नवऱ्याच्या नातेवाइकांना तुरुंगात टाकले. अखेर लताने थेट सर्वोच्च न्यायालय गाठले. जुलै २००६ मध्ये न्यायालयाने सासरच्यांवरचे खटले रद्द केलेच, शिवाय अशा जोडप्यांना कुणी छळणार नाही हे पाहणे देशभरातल्या पोलिसांचे काम आहे, असे बजावले. पुढे संरक्षण मागणाऱ्या असंख्य याचिकांना या निकालाचा आधार मिळाला.

पण आदेशाने जीव वाचतोच असे नाही, हे वर्षभरातच दिसले. हरियाणातील कैथल जिल्ह्यातल्या मनोज-बबलीने एकाच गोत्रात लग्न केले होते. जून २००७ मध्ये त्यांना कोर्टाच्या सांगण्यावरून पोलिसांची सोबत मिळाली, पण पोलिसांनी ती वाटेतच सोडली. नातेवाइकांनी दोघांना बसमधून ओढून नेले, मारले आणि प्रेते कालव्यात टाकली. २०१० मध्ये कर्नालच्या सत्र न्यायालयाने पाच जणांना फाशी सुनावली; उच्च न्यायालयात ती टिकली नाही. या प्रकरणात मारेकऱ्यांइतकाच पाठ फिरवणाऱ्या पोलिसांचाही राग यायला हवा.

कधी सरकारी कागदच घात करी. विशेष विवाह कायद्यात तीस दिवसांची नोटीस लागते. दिल्लीतली कार्यालये ती वधूवरांच्या घरी धाडत, त्यामुळे घरच्यांना आधीच सुगावा लागे. २००९ मध्ये दिल्ली उच्च न्यायालयाने ही प्रथा बंद करायला लावली.

दिल्लीच्या ‘शक्ती वाहिनी’ संस्थेने अशा हत्यांविरुद्ध २०१० मध्ये सर्वोच्च न्यायालयात केलेल्या याचिकेचा निकाल २७ मार्च २०१८ रोजी लागला. सरन्यायाधीश दीपक मिश्रा यांच्यासोबत अजय खानविलकर आणि धनंजय चंद्रचूड हे दोन मराठी न्यायमूर्ती खंडपीठावर होते. जिल्ह्याजिल्ह्यांत विशेष कक्ष, चोवीस तास हेल्पलाइन आणि जोडप्यांसाठी सुरक्षित निवारा उभारावा, कसूर करणाऱ्या अधिकाऱ्यांवर खातेनिहाय कारवाई व्हावी, असे त्यांनी ठरवून दिले. म्हणजे कोर्टाची पायरी चढण्याआधीच पोलिसांनी हलायचे होते.

त्यानुसार दिल्ली सरकारने कार्यपद्धती ठरवली. किंग्जवे कॅम्प भागात निवारा आणि १८१ हा मदत क्रमांक. महाराष्ट्राचे अशा निवाऱ्यांविषयीचे परिपत्रक २०२४ च्या डिसेंबरात निघाले. उशिराच.

राजधानी परिसरात आणखी एक पेच आहे. गुरुग्राम मेट्रोने दिल्लीला जोडलेले असले, तरी तिथल्या जोडप्याचे उच्च न्यायालय अडीचशे किलोमीटरवर चंडीगडला. नोएडाच्या जोडप्याचे त्याहून कितीतरी दूर, प्रयागराजला. घरचे मागावर असताना हा प्रवास म्हणजेच मोठा धोका. म्हणून अनेक जण दिल्लीतच खोली घेऊन दिल्लीच्या उच्च न्यायालयात दाद मागतात. तिथल्या आदेशांत पुष्कळदा बंदूकधारी अंगरक्षक नसतो. पोलीस ठाण्याच्या प्रमुखाचा (एसएचओ) आणि बीट हवालदाराचा मोबाइल नंबर जोडप्याला द्यावा, हवालदाराने अधूनमधून घरी चक्कर मारावी, फोन आला की तातडीने पोहोचावे, एवढेच लिहिलेले असते.