वाटपाचा दावा

हिंदू एकत्र कुटुंबाच्या मिळकतीतील आपला हिस्सा ठरवून, सरस-निरस वाटप होऊन त्याचा स्वतंत्र ताबा मिळावा, यासाठी दिवाणी न्यायालयात दाखल होणारा दावा. महाराष्ट्रात याचा पाया विज्ञानेश्वराच्या ‘मिताक्षरा’ टीकेत आहे. तिच्यानुसार वडिलोपार्जित मिळकतीत मुलाला जन्मतःच हक्क मिळतो, बाप हयात असतानाही. सर्व मुलींना हा हक्क मिळायला एकविसावे शतक उजाडावे लागले.

पहिला आणि बहुधा सर्वांत कडू मुद्दा असतो तो मिळकत वडिलोपार्जित की स्वकष्टार्जित, हा. कुटुंब एकत्र आहे म्हणून मिळकतही एकत्र, असे न्यायालय गृहीत धरत नाही. ती एकत्र असल्याचे वादीने सिद्ध करायचे असते. मात्र नवी जमीन घेता येईल एवढे उत्पन्न जुन्या मिळकतीतून येत होते असे दिसले, की ती स्वतःच्या कमाईची असल्याचे दाखवण्याची जबाबदारी प्रतिवादीवर येते. सातबाऱ्यावर एकट्या थोरल्या भावाचे नाव असणे एवढ्याने मालकी ठरत नाही. ते बहुधा कुटुंबाचा कर्ता म्हणून तिथे लागलेले असते.

हिश्शाचे गणित सांगलीच्या मगदूम खटल्यात स्वच्छ दिसते. वडील १९६० मध्ये वारले. मागे पत्नी, दोन मुलगे आणि तीन मुली. १९६२ मध्ये पत्नीने ७/२४ हिश्शासाठी दावा केला, पण खालच्या न्यायालयाने तिला १/२४ च दिला. १९७८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तिचे म्हणणे मान्य केले. हिंदू वारसा कायदा, १९५६ प्रमाणे मृत्यूच्या आदल्या क्षणी वाटप झाले असे धरायचे: वडील, पत्नी आणि दोन मुलगे यांना प्रत्येकी १/४. मग वडिलांचा १/४ सहा वारसांत, म्हणजे प्रत्येकी १/२४. पत्नीचे दोन्ही मिळून ७/२४ झाले, मुलग्यांचेही तेवढेच. मुलींच्या वाट्याला मात्र फक्त १/२४ उरला.

हा अन्याय कायद्याने टप्प्याटप्प्याने दूर केला. महाराष्ट्राने १९९४ मध्ये मुलींना सहदायाद, म्हणजे जन्मतःच हक्क असलेले हिस्सेदार, केले, पण आधीच लग्न झालेल्यांना वगळून. ९ सप्टेंबर २००५ च्या केंद्रीय दुरुस्तीत ती अट गेली. त्या दिवशी वडील हयात असायलाच हवेत का, यावर सर्वोच्च न्यायालयाचेच निकाल एकमेकांशी जुळत नव्हते. विनिता शर्मा खटल्यात (११ ऑगस्ट २०२०) तीन न्यायमूर्तींच्या पीठाने तशी गरज नसल्याचे सांगितले. मगदूम कुटुंबाचा हिशोब आज केला, तर सहाही जणांना समान १/६ येतो. २० डिसेंबर २००४ पूर्वी रीतसर झालेले वाटप मात्र कायम राहते. त्यामुळे ‘आमचे तोंडी वाटप कधीच झाले आहे’ हा बचाव वारंवार घेतला जातो. सबळ सरकारी कागदांशिवाय न्यायालय तो सहसा स्वीकारत नाही. बहिणीकडून हक्कसोडपत्र करून घेण्याची चालही सर्रास आहे. माहेर तुटेल या भीतीने केलेल्या सहीला राजीखुशी म्हणणे कठीण आहे. पण नोंदणीकृत पत्र रद्द करून घ्यायचे, तर दबाव किंवा फसवणूक तिलाच सिद्ध करावी लागते.

प्राथमिक हुकूमनाम्यात फक्त हिस्से ठरतात. घर आणि प्लॉटची मोजणी कोर्ट कमिशनर करतो. शेतसाऱ्याच्या जमिनीचे वाटप जिल्हाधिकाऱ्यांकडे जाते. विहिरीलगतचा काळा तुकडा कोणाला, मुरमाड माळ कोणाला, वहिवाटीचा रस्ता कोणत्या बांधावरून, यावर हरकती येत राहतात आणि ताबा वर्षानुवर्षे रखडतो. मधल्या काळात एखादा हिस्सेदार वारला, तर हिस्से पुन्हा ठरवावे लागतात; एकाच दाव्यात दुसरा प्राथमिक हुकूमनामाही होऊ शकतो. अंतिम हुकूमनाम्यासाठी पक्षकाराच्या वेगळ्या अर्जाची वाट न पाहता न्यायालयांनी स्वतःहून पुढची कार्यवाही करावी, असे सर्वोच्च न्यायालयाने २०२२ मध्ये बजावले. घर सोयीने वाटता येत नसेल, तर १८९३ च्या वाटप कायद्याखाली निम्म्या किंवा अधिक हिश्शाच्या मालकांना विक्री मागता येते. तेव्हा ते मूल्यांकनाने विकत घेण्याची मुभा इतर हिस्सेदारांना असते.