सामानाची चिठ्ठी आणि सव्वा तोळा सोने

नाशिककरांना विमानाचे अप्रूप तसे कमीच. १९६४ साली ओझरला विमान कारखान्याची स्थापना झाली आणि मिग विमानांचा आवाज आसपासच्या गावांच्या सवयीचा झाला. पण विमानाने प्रवास करायचा तर मुंबई गाठावी लागे. ओझरला प्रवाशांसाठी खास इमारत झाली ती २०१४ साली. आता घरोघरचे आजी-आजोबाही विमानाने जातात. मात्र विमान रद्द झाले किंवा बॅग हरवली, की ‘आता कुठे भांडत बसायचे’ म्हणून गप्प बसतात. म्हणून या हक्कांची कुळकथा आज सांगावीशी वाटते.

ती सुरू होते ऑक्टोबर १९२९ मध्ये, पोलंडमधल्या वॉर्सा शहरात. विमान कंपन्या तेव्हा बाळसे धरत होत्या. एका अपघाताने कंपनी बुडू नये आणि प्रवासीही वाऱ्यावर सोडला जाऊ नये, असा मध्यममार्ग काढणारा करार तिथे झाला. कंपनीची चूक प्रवाशाने सिद्ध करायची नाही. आपण सर्व काळजी घेतली होती, हे कंपनीनेच दाखवायचे. त्याच्या बदल्यात भरपाईला मर्यादा आली. कंपनीकडे सोपवलेल्या सामानासाठी ती किलोमागे २५० फ्रँक होती. हा फ्रँक सोन्यात ठरवलेला: ६५.५ मिलिग्रॅम सोने, तेही नव्वद टक्के शुद्ध. मी हिशेब करून पाहिला. एका किलोमागे पावणेपंधरा ग्रॅम, म्हणजे जवळजवळ सव्वा तोळा शुद्ध सोने!

१९३२ साली जे. आर. डी. टाटा कराचीहून टपाल घेऊन जुहूला उतरले. पुढे दोनच वर्षांत, १९३४ मध्ये, या कराराचा कायदा आपल्याकडे आला. १९७२ साली नवा कायदा झाला. पण देशातल्या देशात प्रवास करणाऱ्याच्या वाट्याला ते सोने आले नाही. हरवलेल्या सामानाला किलोमागे ४५० रुपये, हीच मर्यादा कित्येक वर्षे राहिली. २०१४ साली ती प्रवाशामागे २०,००० रुपये झाली. परदेश प्रवासासाठी १९९९ चा माँट्रियल करार भारताने २००९ मध्ये स्वीकारला. २०१० साली नागरी विमान वाहतूक महासंचालनालयाने नियम केले. विमान रद्द झाले तर पैसे परत किंवा दुसरे विमान, आणि फार उशीर झाला तर खाण्यापिण्याची सोय, हे त्यामुळे प्रवाशाच्या पदरात पडले.

पण हक्क कागदावर असणे वेगळे आणि हातात पडणे वेगळे. इथे महाराष्ट्राचा वाटा मोठा आहे. बिंदुमाधव जोशी यांनी १९७४ साली पुण्यात ग्राहक पंचायतीची चळवळ सुरू केली. पुढे १९८६ साली ग्राहक संरक्षण कायदा आला आणि वकील न लावताही दाद मागता येऊ लागली. तरी एक अडचण होतीच. तक्रार करायची ती कंपनीचे कार्यालय असेल तिथे किंवा प्रकार घडला तिथे. दिल्लीत बॅग हरवलेल्या सिन्नरच्या माणसाने खेटे घालायचे तरी किती? २०१९ च्या कायद्याने ही अडचण दूर केली. जुलै २०२० पासून प्रवाशाला आपण राहतो त्या जिल्ह्यातच तक्रार करता येते. नाशिककरासाठी ते दार नाशिकलाच उघडले आहे.

मात्र कायदा झोपलेल्याला मदत करत नाही. बॅग फुटलेली मिळाली तर ७ दिवसांत आणि उशिरा मिळाली तर ती हाती आल्यापासून २१ दिवसांत लेखी तक्रार करावी लागते. दाव्याची मुदत दोन वर्षांची. म्हणून माझे सांगणे एवढेच: बॅग आली नाही तर विमानतळ सोडण्यापूर्वीच कंपनीच्या खिडकीवर लेखी नोंद करा आणि तिची प्रत मागून घ्या. आणि बोर्डिंग पासला चिकटवलेली सामानाची ती छोटी चिठ्ठी घरी पोचल्याबरोबर फेकू नका. बॅग त्यांच्या ताब्यात दिली होती, याचा तुमच्या हातातला पुरावा तोच असतो.

(नभोवाणीवरील भाषणाचा संपादित भाग)