शाहिराची नोंद

इतिहासाला कागदाचा आधार लागतो, असे आपण मानतो. मग ज्यांचे आयुष्य कागदावर कधी चढलेच नाही, त्यांचा इतिहास कोठे शोधावयाचा? आनंद पटवर्धन या चित्रपटकाराच्या कार्यात मला या प्रश्नाचे एक उत्तर सापडले.

मुंबईतील झोपडपट्ट्या पाडल्या जात होत्या, त्या काळात पटवर्धनांनी ‘हमारा शहर’ हा अनुबोधपट केला. तो १९८५ साली पुरा झाला. त्यात विलास घोगरे नावाचे शाहीर गाताना दिसतात. मुलुंडच्या झोपडपट्टीत राहणारे, डाव्या चळवळीत गाणारे हे दलित कवी.

पुढे बारा वर्षे लोटली. ११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात बाबासाहेबांच्या पुतळ्याची विटंबना झाली. लोक रस्त्यावर आले. पोलिसांनी गोळीबार केला आणि १० माणसे ठार झाली. चार दिवसांनी घोगरे यांनी आपल्या घरात जीवन संपविले.

दुसरा एखादा शोकसभा घेऊन मोकळा झाला असता. पटवर्धनांनी कॅमेरा उचलला आणि १४ वर्षे खाली ठेवला नाही. वस्त्या, जयंतीचे जलसे, गायकांची घरे असे हिंडत २०११ साली ‘जय भीम कॉम्रेड’ हा तीन तासांहून मोठा पट तयार झाला. या वाटेवर त्यांना पुण्याच्या कबीर कला मंचाचे तरुण गायक भेटले. त्यांच्यापैकी शीतल साठे आणि सचिन माळी हे अज्ञातवासातून बाहेर येऊन एप्रिल २०१३ मध्ये विधान भवनासमोर पोलिसांच्या स्वाधीन झाले. एक शाहीर गेला, पण गाणे थांबले नाही, आणि गाण्याची किंमतही कमी झाली नाही.

कॅमेराही निवड करतो. त्याचे सत्य पुरे नसते, हे खरे. परंतु १९८५ सालचा तो आवाज टिपलाच नसता, तर घोगरे हे वर्तमानपत्रातील चार ओळींपुरतेच उरले असते.

या पटाच्या नावातच आम्हा कामगार कार्यकर्त्यांना एक सवाल आहे. ‘जय भीम’ आणि ‘कॉम्रेड’ हे दोन शब्द एका तोंडी यावयास इतका वेळ का लागला? पगाराचा प्रश्न आधी, जातीचे नंतर पाहू, असे मीही फाटकसभांतून म्हटले आहे. ते ‘नंतर’ फार लांबले.

आमच्या शहाडच्या सभांना डफ वाजवून माणसे गोळा करणारे गायक होते. युनियनच्या दप्तरात पगारवाढीचे आकडे सापडतात, त्या गायकांची नावे सापडत नाहीत. इतिवृत्त मीच लिहीत होतो. तेव्हा दोष माझाच.

आपल्यापैकी कोणास ती गाणी आठवत असतील, तर व्याख्यान संपल्यावर थोडे थांबावे. मी वही बरोबर आणली आहे.