उजनीच्या काठावरचा ‘सैराट’ टिपणारा तेलुगू कॅमेरामन

इंदापूर तालुक्यातल्या भिगवणला हिवाळ्यात फ्लेमिंगो बघायला मोठी गर्दी असते. उजनी जलाशयाचा हा एक काठ. पलीकडचा काठ करमाळा तालुक्याचा. दिग्दर्शक नागराज मंजुळे तिथल्याच जेऊरचे आणि २०१६ चा ‘सैराट’ चित्रित झाला तोही याच करमाळ्याच्या परिसरात.

नागराज, आर्ची, परश्या ही नावं सगळ्यांना पाठ आहेत. कॅमेरा कुणाचा होता, हे मात्र फार थोडे सांगू शकतील. ते नाव सुधाकर रेड्डी यक्कंटी. मूळचे तेलुगू भाषिक. उमेश कुलकर्णींचे ‘देऊळ’ (२०११) आणि ‘हायवे’ (२०१५) हे सिनेमेही त्यांनीच टिपले.

‘सैराट’चं छायाचित्रण म्हटलं की लोकांना पायऱ्यांची विहीर आणि ‘याड लागलं’मधला स्लो मोशनमध्ये धावणारा परश्या आठवतो. हा भाग दुष्काळी म्हणूनच ओळखला जातो, पण पडद्यावर तो इतका देखणा दिसला की तिथल्या लोकांनाही नवल वाटलं असेल. कारण तो परश्याच्या नजरेतून दिसतो. प्रेमात पडलेल्या पोराला उसाचा फडसुद्धा वेगळाच दिसणार! मोठ्या चौकटी, कोवळं ऊन, संथ केलेली हालचाल, हे सगळं त्या नजरेसाठी.

दोघं पळून हैदराबादला पोहोचतात आणि कॅमेऱ्याचा हा लाड बंद होतो. गाणी आधीच संपलेली असतात. आता दिसते ती झोपडपट्टी, अंगावर येणारी छोटी खोली, डोशाची गाडी आणि कारखान्यातलं काम. पूर्वार्धात प्रेक्षकाला जे स्वप्न दाखवलं, ते इथे काढून घेतलं जातं. उत्तरार्ध ‘रटाळ’ वाटला अशी तक्रार तेव्हा बरीच झाली, पण तो बदल मुद्दाम केलेला होता.

शेवट तर आवाजाशिवायच आहे. आर्चीच्या माहेरची माणसं भेटवस्तू घेऊन येतात. त्यानंतर काय झालं, हे थेट दाखवलेलं नाही. शेजारणीबरोबर बाहेरून आलेलं लहान मूल घरात जातं आणि रडत परत फिरतं. फरशीवर रक्ताने माखलेल्या चिमुकल्या पावलांचे ठसे उमटत जातात. जातीच्या खोट्या प्रतिष्ठेपायी झालेल्या खुनावर यापेक्षा जास्त काही बोलायची गरजच उरत नाही.

२०१८ ला हिंदीत ‘धडक’ आला. गोष्ट उदयपूरला गेली. तळी, वाडे सुंदर होते, पण आधीच सुंदर असलेल्या गावात परश्याच्या नजरेला काम काय उरणार?

त्याच वर्षी यक्कंटी ‘नाळ’मधून दिग्दर्शक झाले. आपली आई सख्खी नाही हे कळलेल्या चैत्याची ही गोष्ट, विदर्भातल्या नदीकाठच्या गावातली. कॅमेरा त्यांनी स्वतःकडेच ठेवला. पदार्पणाच्या सर्वोत्कृष्ट चित्रपटासाठीचा राष्ट्रीय पुरस्कार ‘नाळ’ला मिळाला. पुढे ‘झुंड’ (२०२२) मध्ये ते पुन्हा मंजुळेंसोबत होते. २०२३ च्या ‘नाळ २’लाही सर्वोत्कृष्ट बालचित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला.