ढिगाऱ्यातून बाहेर काढला म्हणजे वाचला का?



लातूर-नांदेडकडच्या माणसाला १९९३ हे साल विचारले तर तो एकच शब्द उच्चारतो: किल्लारी. पण त्याच वर्षी, किल्लारीच्या साडेसहा महिने आधी, मुंबईत आणखी एक दिवस असा गेला की महाराष्ट्र तो विसरू शकत नाही. १२ मार्च १९९३, शुक्रवार. त्या दिवशी देशाचे गृहमंत्री होते आपल्या नांदेडचे शंकरराव चव्हाण. पुढे नोव्हेंबर २००८ मध्ये ताज हॉटेल आणि छत्रपती शिवाजी टर्मिनसवर हल्ला झाला, तेव्हा देशाचे गृहमंत्री शिवराज पाटील चाकूरकर आणि राज्याचे मुख्यमंत्री विलासराव देशमुख, दोघेही लातूर जिल्ह्याचे. दोघांनाही त्यानंतर पद सोडावे लागले आणि मुख्यमंत्रिपदी आले नांदेडचे अशोक चव्हाण. म्हणजे मुंबईत फुटलेल्या बॉम्बचा हादरा आपल्या दोन जिल्ह्यांपर्यंत पोचलेला आहे.

राजकारण हा माझा विषय नाही. डॉक्टर म्हणून मला या घटनांमध्ये एक वेगळे नाते दिसते. बॉम्बने पाडलेली इमारत आणि भूकंपाने पाडलेले घर, या दोन्हींखाली सापडलेल्या माणसाच्या शरीरात जे घडते ते बरेचसे सारखे असते. आणि भूकंपात माणसे कशी वाचवायची, यातला एक महत्त्वाचा धडा वैद्यकशास्त्र बॉम्बने पडलेल्या इमारतींच्या ढिगाऱ्यात शिकले. आज तोच इतिहास सांगतो.

१२ मार्च १९९३ : दोन तास

दुपारी दीडच्या सुमारास दलाल स्ट्रीटवरच्या शेअर बाजाराच्या उंच इमारतीच्या तळघरात पहिला स्फोट झाला. मग कथा बाजार, नरिमन पॉइंटची एअर इंडिया इमारत, वरळीचे सेंच्युरी बाजार, झवेरी बाजार, दादरचे प्लाझा सिनेमागृह, वांद्र्याचे सी रॉक हॉटेल, जुहूचे आणि विमानतळाजवळचे अशी दोन सेंटॉर हॉटेले. पावणेचारच्या आत शहरात बारा ठिकाणी हल्ले झाले होते. सरकारी नोंदीनुसार २५७ माणसे मेली आणि ७१३ जखमी झाली.

ठिकाणे नीट पाहा. शहराचा पैसा, शहराचे सोने, शहराचा सिनेमा, शहरात येणारा पाहुणा. ज्या इमारतींवरून मुंबई ओळखली जाते, त्याच निवडलेल्या होत्या. उद्देश केवळ माणसे मारण्याचा नसतो. जिवंत राहिलेल्यांना घरात बसवण्याचा असतो.

शेअर बाजार सोमवारी, म्हणजे १५ मार्चला पुन्हा सुरू झाला. वर्तमानपत्रांनी त्याचे कौतुक केले आणि ते योग्यच होते. पण इमारत तिसऱ्या दिवशी सुरू होते, शरीराचे तसे नसते. खटल्याचा निकाल यायला २००६-०७ साल उजाडले, आणि ज्यांचे पाय, डोळे किंवा कान गेले त्यांचे दुखणे निकालाने संपले नाही.

स्फोट शरीराला चार प्रकारे मारतो

बॉम्ब म्हटले की आपल्या डोळ्यांसमोर आग येते. प्रत्यक्षात इजा चार मार्गांनी होते.

पहिली, दाबाच्या लाटेची. स्फोटाबरोबर हवेचा प्रचंड दाब क्षणात अंगावर येतो. ज्या अवयवांत हवा असते त्यांना तो फाडतो: कानाचा पडदा, फुप्फुसे, आतडी. बंद खोलीत ही लाट भिंतींवर आपटून पुन्हा पुन्हा परत येते, म्हणून तळघर, रेल्वेचा डबा किंवा बस यांतला स्फोट मैदानातल्या स्फोटापेक्षा घातक असतो. अशा माणसाच्या अंगावर कधी कधी ओरखडाही नसतो. तो चालत-बोलत घरी जातो आणि काही तासांनी त्याला दम लागतो.

दुसरी, उडालेल्या वस्तूंची. काचा, खिळे, पत्रे, विटांचे तुकडे. उंच इमारतीच्या काचा दूरवर उडतात. १९१७ मध्ये कॅनडातील हॅलिफॅक्स बंदरात दारूगोळ्याच्या जहाजाला आग लागली, तेव्हा लोक ती पाहायला खिडक्यांशी उभे राहिले. जहाज फुटले आणि शेकडो लोकांचे डोळे काचांनी जायबंदी झाले. बाहेर मोठा आवाज झाला की खिडकीकडे धावायचे नाही, हा धडा तेव्हापासूनचा आहे.

तिसरी, माणूस स्वतः फेकला जाण्याची. हाडे मोडतात, डोके आपटते.

चौथी, बाकी सगळी: भाजणे, धुराने गुदमरणे आणि पडलेल्या भिंतीखाली चिरडले जाणे. मला आज मुख्यतः बोलायचे आहे ते या चिरडले जाण्याबद्दल.

लंडन, १९४१ : वाचलेली माणसे का मरत होती?

दुसऱ्या महायुद्धात जर्मन विमाने लंडनवर रात्रीमागून रात्री बॉम्ब टाकत होती. त्या काळात सॉली झुकरमन या शास्त्रज्ञाने प्राण्यांवर प्रयोग करून दाखवले की दाबाची लाट छातीवर आदळून फुप्फुसात रक्तस्राव होतो. आणि हॅमरस्मिथ रुग्णालयात एरिक बायवॉटर्स या तरुण डॉक्टरसमोर एक कोडे आले.

काही माणसे तासन्‌तास तुळईखाली किंवा भिंतीखाली अडकून नंतर सुखरूप बाहेर काढली जात. शुद्धीवर असत, बोलत असत. नातेवाईक देवाचे आभार मानत. मग दबलेला पाय सुजू लागे, रक्तदाब उतरे, लघवी तपकिरी होई आणि कमी कमी होत जाई. आठवडाभरात मृत्यू. बायवॉटर्स आणि त्यांचे सहकारी बील यांनी १९४१ मध्ये ब्रिटिश मेडिकल जर्नलमध्ये हे रुग्ण मांडले. यालाच आज आम्ही क्रश सिंड्रोम म्हणतो.

यात घडते काय? स्नायू बराच वेळ दाबला गेला की तो मरू लागतो. त्यातले पोटॅशियम आणि मायोग्लोबिन नावाचे लाल प्रथिन तिथेच साठून राहते. वरचा दगड उचलला की रक्तप्रवाह सुरू होतो आणि हे सगळे एकदम अंगभर पसरते. पोटॅशियम हृदय बंद पाडू शकते. मायोग्लोबिन मूत्रपिंडाच्या बारीक नळ्यांत अडकते. म्हणजे दगड अंगावर असेपर्यंत माणूस जिवंत असतो आणि दगड काढल्यावर मरतो. वाचवणाऱ्यांसाठी याहून दुःखद गोष्ट कोणती?

उपाय मात्र साधा निघाला. १९८२ मध्ये लेबनॉनच्या टायर शहरात इस्रायली लष्कराची बहुमजली इमारत कोसळली. ढिगाऱ्यात अडकलेल्या सात जणांना सुटका होत असतानाच शिरेतून भरपूर सलाइन सुरू केले गेले. सातांपैकी एकाचीही मूत्रपिंडे निकामी झाली नाहीत. उलट १९८८ च्या आर्मेनियातील भूकंपात शेकडो लोकांची मूत्रपिंडे बंद पडली आणि डायलिसिसची यंत्रे कमी पडली. त्यातून धडा घेऊन जगभरच्या मूत्रपिंडतज्ज्ञांनी अशा आपत्तींसाठी खास पथक उभे केले.

किल्लारी, ३० सप्टेंबर १९९३

आता आपल्या घरी येऊ. आदल्या रात्री गणपती विसर्जन झालेले. माणसे दमून झोपलेली. पहाटे ३ वाजून ५६ मिनिटांनी जमीन हलली. आपल्याकडची जुनी घरे दगड-मातीची, भिंती दोन-दोन फूट जाड, वर माळवदाचा बोजा. उन्हाळ्यात गारवा देणारे तेच घर त्या पहाटे अंगावर आले. लातूर आणि त्या वेळच्या उस्मानाबाद जिल्ह्यात मिळून सुमारे आठ हजार माणसे गेली.

मुंबईत बॉम्ब फुटले तेव्हा जे.जे., केईएम, नायर यांसारखी मोठी रुग्णालये काही किलोमीटरवर होती. लोकांनी टॅक्सीत, हातगाडीवर घालून जखमींना तिथे पोचवले, रक्त द्यायला रांगा लावल्या. किल्लारी, सास्तूरच्या लोकांना तसे रुग्णालय हाकेच्या अंतरावर नव्हते. लातूरचे सरकारी वैद्यकीय महाविद्यालय २००२ मध्ये सुरू झाले. १०८ ची रुग्णवाहिका राज्यात २०१४ मध्ये आली. टायरमध्ये सलाइनचे महत्त्व सिद्ध होऊन अकरा वर्षे झाली होती. पण पुस्तकातले ज्ञान ढिगाऱ्यापर्यंत न्यायला माणूस, बाटली आणि रस्ता लागतो.

म्हणून मी म्हणतो की शहरातल्या दहशतवादी हल्ल्याचा इतिहास खेड्यातल्या माणसानेही वाचला पाहिजे. भिंत कुणी पाडली हे पोलिसांनी शोधायचे. तिच्याखालच्या माणसाला काय द्यायचे, हे आपल्याला आधीच माहीत हवे.

आधी आला तो आधी, ही चूक

स्फोटानंतर रुग्णालयात सर्वांत आधी कोण पोचतो? ज्याला चालता येते तो. म्हणजे सर्वांत कमी जखमी. गंभीर माणसे मागे पडलेली असतात. १९८३ मध्ये बैरूत येथे अमेरिकी सैनिकांच्या तळावर ट्रकबॉम्बचा स्फोट होऊन २४१ सैनिक मेले. त्यानंतर शल्यचिकित्सकांनी बेलफास्टपासून बैरूतपर्यंतच्या २२० बॉम्बस्फोटांचा अभ्यास केला. त्यातून आणि पुढच्या अनुभवातून कळले की जिवंत पोचणाऱ्यांपैकी बहुतेक जण गंभीर नसतात, आणि त्यांच्या गर्दीत मोजके गंभीर रुग्ण हरवले की मृत्यू वाढतात. म्हणून दारातच एक अनुभवी डॉक्टर उभा करून रुग्णांची वर्गवारी करतात. तुमच्या हाताला टाके हवेत आणि डॉक्टर तुम्हाला थांबायला सांगतो, तेव्हा तो दुर्लक्ष करत नसतो. आत कुणाचा तरी श्वास चालू ठेवत असतो.

मनावरचा ढिगारा

१९९५ मध्ये अमेरिकेतील ओक्लाहोमा सिटीची सरकारी इमारत बॉम्बने उडवली गेली. १६८ माणसे मेली, त्यांत १९ मुले. वाचलेल्या १८२ जणांना सहा महिन्यांनी तपासले तेव्हा सुमारे एक तृतीयांश लोकांना आघातानंतरचा मानसिक आजार, म्हणजे पीटीएसडी, होता. किल्लारीनंतर आपल्याकडेही मानसोपचारतज्ज्ञांनी वाचलेल्यांची तपासणी केली. त्यांतल्या निम्म्याहून अधिक लोकांना मानसिक आजार आढळला. स्त्रियांमध्ये प्रमाण जास्त होते.

आमच्या ओपीडीत आजही असा एखादा रुग्ण येतो. झोप लागत नाही म्हणतो. बोलता बोलता कळते की तो स्लॅबच्या घरात असूनही अंथरूण दाराजवळच टाकतो. वय विचारले, गाव विचारले की उलगडा होतो. याला भित्रेपणा म्हणू नका. मेंदूने एकदा शिकलेला धोका तो सहजासहजी विसरत नाही. पण उपचाराने हे बरे होते, हेही तितकेच खरे.

तुम्ही काय करू शकता

बॉम्बस्फोट तुमच्या वाट्याला कधीच न येवो. पण गॅस सिलिंडर फुटतो, बांधकाम कोसळते, विहिरीची दरड ढासळते. नियम तेच आहेत.

१. मोठा आवाज झाला की खिडकीपासून दूर व्हा. बघायला गर्दी करू नका. दुसरा स्फोट होऊ शकतो आणि रुग्णवाहिकेची वाट अडते.

२. रक्त वाहत असेल तर स्वच्छ कापड ठेवून जोराने दाबा, मध्ये उचलून पाहू नका. हातापायातून धार लागली आणि दाबून थांबत नसेल, तर जखमेच्या चार बोटे वर, सांधा सोडून, रुंद कापडी पट्टी काठीने पिळून घट्ट बांधा. बांधल्याची वेळ लिहून ठेवा. २०१३ मध्ये बोस्टन मॅरेथॉनच्या स्फोटात अडीचशेहून अधिक लोक जखमी झाले, अनेकांचे पाय तुटले. तरी जिवंत रुग्णालयात पोचलेला एकही जण दगावला नाही. रस्त्यावरच्या लोकांनी लगेच रक्त थांबवले, हे त्यामागचे एक मोठे कारण.

३. घुसलेली काच किंवा सळई उपटू नका.

४. तासाभराहून अधिक वेळ कुणाचा हात-पाय दबलेला असेल तर १०८ ला तसे स्पष्ट सांगा, म्हणजे ते सलाइनच्या तयारीने येतील. आग, गॅस किंवा पुन्हा कोसळण्याचा धोका नसेल तर वैद्यकीय मदत पोचल्यावरच भार उचलणे चांगले. धोका असेल तर आधी बाहेर काढा.

५. बाहेर काढलेला माणूस बरा दिसला तरी रुग्णालयात न्या. लघवी चहासारखी दिसली, कमी झाली, दम लागला किंवा पोट दुखले तर एक तासही थांबू नका.

६. स्फोटातल्या जखमीला तुमचे बोलणे ऐकू येत नसेल. समोर या, हाताने खुणा करा.

७. महिना उलटूनही वाईट स्वप्ने, दचकणे, झोप उडणे चालू असेल तर डॉक्टरांशी बोला. टेलिमानसचा १४४१६ हा क्रमांक मोफत आहे.

१९९३ ने आपल्याला दोन ढिगारे दिले. एक माणसाने केलेला, एक निसर्गाने. दोन्हींखालून माणूस बाहेर आला की आपण टाळ्या वाजवतो आणि घरी जातो. पण त्याची खरी लढाई तेव्हा सुरू होते. त्या क्षणी त्याच्याजवळ सलाइनची बाटली आणि जाणता माणूस असेल, तरच तो वाचला असे म्हणायचे. तो जाणता माणूस डॉक्टरच असेल असे नाही. कदाचित तुम्हीच असाल.

काळजी घ्या.