विनोदकार आणि कॅमेरा : पु. ल. देशपांडे यांची वाटचाल

पु. ल. देशपांडे (१९१९-२०००) यांच्या विनोदाचा विचार मराठी समीक्षेत प्रामुख्याने ग्रंथ आणि रंगभूमी यांच्या अनुषंगाने होतो. चित्रपट व दूरचित्रवाणी हा त्यांच्या कारकिर्दीतील ओझरता टप्पा मानला जातो. हा समज तपासून पाहणे अगत्याचे आहे.

१९४७ च्या 'कुबेर'मध्ये पु. लं.नी भूमिका केली. १९५३ च्या 'गुळाचा गणपती'ची कथा, पटकथा, संवाद, संगीत, दिग्दर्शन आणि नायकाची भूमिका ही सर्व अंगे त्यांचीच, गीते ग. दि. माडगूळकरांची. शब्द, मुद्रा आणि विराम यांवर एकाच व्यक्तीची सत्ता असावी, ही विनोदकाराची गरज येथे प्रथमच पडद्यावर सिद्ध झाली. पुढे ते चित्रपटापासून दूर झाले. १९५९ मध्ये दिल्लीत सुरू झालेल्या दूरचित्रवाणीच्या आरंभकाळात त्यांनी निर्माता म्हणून काम केले. तथापि त्यांना हवी असलेली सत्ता अखेर 'बटाट्याची चाळ'सारख्या एकपात्री प्रयोगातच लाभली.

येथे आर. के. नारायण यांच्याशी तुलना उद्बोधक ठरते. 'गाइड' (१९६५) या हिंदी चित्रपटाविषयी नारायण असमाधानी होते. उलट बेंगळुरूचे दिग्दर्शक शंकर नाग यांच्या 'मालगुडी डेज' मालिकेने त्यांचा मंद विनोद घरोघर पोहोचवला. नारायणांचा विनोद निवेदनात वसतो, म्हणून तो दुसऱ्याच्या हाती सोपवता आला. पु. लं.चा विनोद उच्चारात वसतो. बेळगावच्या रावसाहेबांची कानडी वळणाची मराठी छापील पानावर निम्मीच उरते. कन्नड वा इंग्रजी अनुवादात तर दोन भाषांतील ते अंतरच नाहीसे होते.

जवळजवळ चार दशकांनी, १९९२ मध्ये, जब्बार पटेल यांच्या 'एक होता विदूषक'साठी पु. लं.नी पुन्हा पटकथा लिहिली. तमाशातला सोंगाड्या चित्रपटात नट होतो, राजकारणात ओढला जातो आणि अखेरीस न हसणाऱ्या मुलीसमोर उभा राहतो. हसवण्याची विद्या दुसऱ्यांच्या उपयोगाची झाली की विदूषकाचे काय उरते, हा प्रश्न लेखकाच्या स्वतःच्या वाटचालीतूनच आला असावा, असे म्हणण्यास जागा आहे.

तेव्हा पु. लं.च्या विनोदाच्या तौलनिक अभ्यासात केवळ मुद्रित संहिता प्रमाण मानणे पुरेसे नाही. चित्रफिती व ध्वनिमुद्रणे यांनाही संहितेचा दर्जा द्यावा लागेल. अन्यथा आपण अभ्यासू ती विनोदाची केवळ लिखित सावली असेल.